अर्ध्या तोंडाची आपा

दोन हजार अठरा साल. मी तेव्हा एकाहत्तर वर्षांचा होतो. वारंगा फाट्यावर रोडला लागून माझ्या पत्र्याच्या दोन खोल्या होत्या, अजूनही आहेत. एकीत पंक्चरवाला होता. दुसरीत मी बोकडांचा चारा ठेवत होतो. तिचं दार उत्तरेकडं, ऊन कधी आत येत नाही, हिवाळ्यात पाय गारठतात, म्हणून दुकानाला ती कोणी मागत नव्हतं.

ती मागायला एक बाई आली. काळा बुरखा, तोंड उघडं, वय साठीच्या आसपास, हातात पत्र्याची पेटी. खोलीत शिरली, चाऱ्याच्या पेंढ्या पायानं बाजूला सारल्या, दारात उभी राहून स्वतःचा हात उलटा-सुलटा करून पाहिला आणि म्हणाली, "उजेड बराबर हाय. ही देऊन टाका."

मी म्हणलं, कशाचं दुकान टाकायचंय?

"तोंडाचं."

म्हणजे दातांचं का, असं मी विचारलं. ती म्हणाली, दात सोडून बाकीचं.

मी चौथी पास आहे. पण माणूस वाचायला मला शाळा लागली नाही. ही बाई घासाघीस करणार नाही आणि ऐकणारही नाही, हे मला तिथंच कळलं. मीही ऐकणारा नाही. म्हणून खोली दिली.

सगळे तिला आपा म्हणायचे, मीही म्हणायला लागलो. ती मला मालक म्हणायची, पण मालकासारखं एक दिवस वागवलं नाही. नाव लिहीत नाही, कारण पाटीवर नाव लिही म्हणून मी मागं लागलो तेव्हाही तिनं लिहिलं नव्हतं. पाटीच लावली नाही. पार्लरवर असतात तसले नट्यांचे फोटोही लावले नाहीत. "त्या बाईचं तोंड मी केलंय का? मग मपल्या भिंतीवर काहून?" असं म्हणायची.

तिची पाटी म्हणजे ती स्वतः. रोज सकाळी आली की पेटी उघडायची आणि आपल्याच तोंडाची फक्त डावी बाजू करायची. डावा गाल, डावी भुवई, डाव्या डोळ्यात काजळ, ओठसुद्धा निम्माच. उजवी बाजू होती तशी, सुरकुत्या आणि वांग सगळं उघडं. मग खुर्ची दारात टाकून रोडकडं तोंड करून बसायची. हिंगोलीकडून येणाऱ्या माणसाला एक बाई दिसायची आणि नांदेडकडून येणाऱ्याला दुसरी. ट्रकवाले गाडी हळू करायचे. पंक्चरवाला म्हणायचा, आपामुळं माझा धंदा वाढला, कारण लोक तिच्याकडं बघत खड्ड्यात चाक घालतात.

संध्याकाळी तशीच घरी जायची. एसटीत नवीन कंडक्टर टक लावून बघायला लागला, तर म्हणाली, "काय बघतो? अर्धीच बाई बसली, अर्धं तिकीट दे." कंडक्टरनं पुरतंच फाडलं. पण पुढं तो तिच्यासाठी गाडी थांबवून धरायचा.

ती जातीनं मनियार, म्हणजे बांगड्यावाल्यांच्या घरातली. नवरा गावोगाव बांगड्यांची टोपली घेऊन फिरायचा. तो लवकर वारला आणि टोपली हिनं उचलली. आमच्याकडं लग्नात नवरीच्या हातात चुडा भरायला मनियारीणच लागते. बांगड्या भरता भरता नवरीचं तोंड समोरच असायचं. कोणी काजळ फासलेलं, कोणी पीठ लावल्यासारखी पावडर थापलेली. हिला ते बघवायचं नाही. "हाताचं काम झालं की रुमालानं मी तोंड बी निस्तरायची," असं सांगायची. मग बायका तोंडासाठीच बोलवायला लागल्या. मुंबई-पुण्याला कुठं शिकायला गेली नव्हती. चुकून चुकून शिकली, ती चूक स्वतःच्या तोंडावर करून.

तिच्याकडं शिकायला पोरी यायला लागल्या. फाट्यावरच्या, शेतातल्या आखाड्यांवरच्या, लांब लांब खेड्यांतल्या. पोरींना वाटायचं पहिल्याच दिवशी लिपस्टिक हातात मिळेल. आपा त्यांना तांब्या द्यायची. "आधी तोंड धू." धुतलं की, "पुसू नको, टिप." टॉवेलानं खसाखसा पुसलं की परत धुवायला लावायची. कित्येक दिवस पोरी नुसतं तोंड धुवायलाच येत होत्या. एकीचा बाप भांडायला आला की माझ्या पोरीला तू काय शिकवून राहिलीस, धुणं तर ती घरी बी करते. आपानं त्यालाही तांब्या दिला. तो धुऊन गेला. जाताना मला म्हणाला, बरं वाटलं.

मलाही ती रोज म्हणायची, मालक, तोंड धुतलं का. मी धनगर माणूस, पहाटे शेरडांत जातो, आल्यावर अंघोळ करतो, आणि अंघोळ झाली की कपाळाला भंडारा लावतो. भंडारा म्हणजे आमच्या देवाची हळद, तिची पिशवी कायम बंडीच्या खिशात असते. आपा ते बघून म्हणायची, "तुमचा बी मेकअपच हाय की मालक. फक्त एका बोटाचा." मला राग यायचा. देवाच्या गोष्टीत चेष्टा नको, म्हणलं. ती म्हणाली, चेष्टा कुठं, बराबर मधोमध लागतोय म्हणून म्हणलं.

शिकवायची तिची तऱ्हा वेगळी होती. तोंडाचा रंग एकसारखा करणाऱ्या मलमाला शहरात काय म्हणतात ते पोरी म्हणायच्या, आपा त्याला सारवण म्हणायची. घर सारवणं पोरींना ठाऊक होतं, तेवढ्यावरच तिनं सगळं बसवलं होतं. आधी थेंब थेंब टाक. मग ओल्या स्पंजानं दाबत दाबत जा, ओढू नको. एका अंगानं जा. ओल्यावर परत हात फिरवला तर पोपडे निघतात, जमिनीचे निघतात तसे. आणि उंबऱ्याशी थांबायचं नाही. उंबरा म्हणजे हनुवटी. "तोंड सारवलं आनि मान तशीच ठेवली, तर मानूस म्हनंल मुंडकं उधार आनलं."

सगळ्यांना गोरं व्हायचं असायचं. पोरी बाजारातून सगळ्यात फिकी डबी आणायच्या. आपा लाव म्हणायची. लावलं की हाताला धरून रोडवर उन्हात न्यायची, आरसा धरायची आणि विचारायची, गिरणीतून आलीस का? खोलीत ट्यूब लावू देत नव्हती. मी माझ्या खर्चानं बसवलेली काढून मला परत दिली. तो उजेड खोटं बोलतो, म्हणाली. आणि खोलीतला आरसा भिंतीकडं तोंड करून ठेवलेला असायचा. तोंड पुरं झाल्याशिवाय फिरवायचा नाही. "अर्ध्या कामात मानूस घाबरतं आनि मग नीट करू देत न्हाई." स्वतः मात्र जन्मभर अर्धी फिरली. मी हे तोंडावर बोललो, तर म्हणाली, मी घाबरत न्हाई म्हनून.

कुरुंद्याची एक पोरगी यायची. घरी हळद शिजवायची, वाळवायची, ढोलात पॉलिश करायची. तिची बोटं इतकी पिवळी की ती ज्या तोंडाला हात लावील ते कावीळ झाल्यासारखं दिसायचं. लिंबू झालं, बेसन झालं, जाईना. बाकीच्या पोरी तिला हात लावू देईनात. आपानं तिला बोट लावायचंच नाही असं सांगितलं, सगळं ब्रशानं कर. पोरगी रडत रडत ब्रश शिकली, आणि बाकीच्या बोटं बरबटत बसल्या तोवर ही पुढं गेली.

ब्रशावरून आमचं वाजलं होतं. आपाच्या ब्रशाचे केस गळायचे आणि नवरीच्या गालाला चिकटायचे. ती म्हणाली, शेळीच्या केसाचा म्हणून विकत घेतला. मी म्हणलं, आण इकडं. शेळी मला कोणी शिकवायची नाही. एक केस काडीनं पेटवला, त्याचा मणी झाला. म्हणलं, हा तुझा प्लास्टिकचा बोकड. मग मीच एका करडाच्या मानेखालचे मऊ केस कातरले, साबणानं धुतले, सुतानं आवळून बांबूच्या नळीत बसवले. तिनं तो ब्रश आपल्या उजव्या गालावर, न रंगवलेल्या बाजूला फिरवून पाहिला. म्हणाली, "चालंल." नंतर बरेच दिवस सांगत होती की नवरींच्या तोंडाला बकऱ्याचा वास येतो. पण दुसरा ब्रश घेतला नाही.

आता सुनेचं लिहितो.

माझा पोरगा आपा यायच्या आदल्या वर्षी याच रोडवर मोटरसायकलवर गेला. एकुलता होता. म्हातारी त्याच्या आधीच गेली होती. सुनेला लेकरू नव्हतं. तिचे माहेरचे न्यायला आले, तर ती गेली नाही. मामाला भाकर कोण टाकील, असं म्हणाली. घरात मी, ती आणि शेरडं. ती मला मामा म्हणते, आमच्यात सासऱ्याला तसंच म्हणतात.

आपानं एकदोनदा तिला पाण्याची कळशी घेऊन येताना पाहिलं आणि मला म्हणाली, हिला माझ्याकडं पाठवा. मी नाही म्हणलं. नवरा जाऊन वर्ष झालं नाही आणि ही लिपस्टिकच्या खोलीत जाऊन बसली, असं भावकीनं बोललं असतं. आपानं वाद घातला नाही. कानशील खाजवल्यासारखं केलं आणि विचारलं, "मालक, तुमी मेल्यावर तिनं कोनाच्या दारात बसायचं?"

मी उठून गेलो. पण ती गोष्ट डोक्यातून गेली नाही. शेत माझ्या नावावर, माझ्यामागं पुतणे आहेत, आणि पुतण्यांच्या बायका कशा आहेत हे मला ठाऊक आहे. सून शिकलेली नाही. हातात काही नसलं की माणसाला जेवताना दुसऱ्याच्या तोंडाकडं बघावं लागतं.

मग आपाचे टॉवेल धुवायला माझ्या घरी यायला लागले. धुतलेले टॉवेल द्यायला सून फाट्यावर जायला लागली. द्यायला गेलेली बाई दुपारी परत यायला लागली. मी परवानगी दिली नाही. मी फक्त विचारलं नाही.

तिचा हात चांगला आहे, असं आपानं मला कधी सांगितलं नाही. पण एक दिवस आपाची डावी भुवई नेहमीपेक्षा सरळ दिसली आणि मी विचारलं तर म्हणाली, ती मी काढली न्हाई.

जवळा बाजारच्या एका घरचं लग्न ठरलं. नवरीचा बाप सोयाबीनच्या बाजारात माझ्या ओळखीचा. त्यांनी आपाला सांगितलं होतं. आपानं परस्पर कळवलं की तिच्या डोळ्याला आता धुरकट दिसतं, नवरीचं तोंड माझी सून करील. हे मला बाहेरून कळलं. पण मनातून मला वाटलं की हे झालं तर झालं. एक मोठ्या घरची नवरी नीट उभी राहिली की पुढं लोक आपण होऊन बोलावतात. आणि पहिलीच मागं फिरली, तर फाट्यावरून जवळा बाजारापर्यंत सगळ्या बायकांना कळतं, मग दुसरी येत नाही.

लग्नाच्या तीन-चार दिवस आधी नवरीची आत्या फाट्यावर उतरली. जाडजूड बाई, नऊवारी, कपाळाला रुपयाएवढं कुंकू. मी पंक्चरवाल्याच्या बाकावर बसलो होतो. सून खोलीत ब्रश धूत होती. आत्या आपापुढं उभी राहिली आणि सरळ म्हणाली की तोंड तुमीच करा, त्या पोरीचा हात नको.

आपानं विचारलं, काहून?

आत्या हळू बोलायला गेली, पण तिचा आवाज मुळातच मोठा. म्हणाली, शुभ काम हाय, नवरा गेलेल्या बाईचा हात नवरीच्या तोंडाला कसा लावायचा.

"मपला बी गेला," आपा म्हणाली. "तीस वर्सं झाली. तुमच्या लगनात तुमच्या हातात चुडा म्याच भरला व्हता. तवा कोनी इचारलं न्हाई."

"तुमचं येगळं हाय आपा. तुमी बांगड्यावाल्या. तुमच्यात ते न्हाई."

"मंग कोनीच येनार न्हाई. जा, हिंगोलीत लई पार्लर हायेत."

सुनेच्या हातातलं पाणी वाजायचं थांबलं. आत्याला एवढं सरळ उत्तर अपेक्षित नव्हतं. ती माझ्याकडं वळली. मला आबा म्हणते ती. म्हणाली, आबा, मी वाईट म्हनून सांगत न्हाई. पण एक तरी मानूस दाखवा, ज्यानं हिच्या हातून तोंड करून घेतलं. आपली मानसं बसली असती तर आमी बी बसवली असती. तुमच्या भावकीतली एक बाई तरी बसली का?

बसली नव्हती. आपाचा एक नियम होता, शिकाऊ बाईनं नवरीकडं जाण्याआधी म्हाताऱ्या माणसाचं पुरं तोंड करायचं. तरण्या पोरीचं तोंड कोणीही करतं, ते आधीच झालेलं असतं. म्हाताऱ्याच्या तोंडाला घड्या असतात, रापलेलं असतं, तिथं खरं काम कळतं. आणि ते तोंड घेऊन त्या माणसानं दिवस मावळेपर्यंत रोडवर बसायचं. धुळीत, उन्हात टिकलं तर पास. सुनेसाठी आपानं किती जणींना विचारलं होतं. सगळ्यांना त्याच दिवशी कामं निघत होती.

मी काही सुधारक नाही. मला सभेत बोलायची हौस नाही. पण माझ्या खोलीत, माझ्या बाकावर बसलेलं असताना मला कोणी म्हणावं की एक माणूस दाखवा, आणि मी इकडंतिकडं बघावं, हे माझ्यानं झालं नसतं. मी फेटा काढून पंक्चरवाल्याच्या हातात दिला आणि खुर्चीत जाऊन बसलो.

आपा म्हणाली, "आधी तोंड धुवा."

मी परत उठलो, धुतलं, टिपलं. कपाळावरचा भंडाराही गेला. सून हलेना. मी म्हणलं, पोरी, दिवस वर येऊन राहिला. मग ती आली.

आरसा भिंतीकडं होता, म्हणून मला माझं काही दिसत नव्हतं. जे काही कळलं ते कातडीवर कळलं आणि समोरच्यांच्या तोंडावर. आधी गार मलम, खोबरेलापेक्षा पातळ. मग कपाळ, गाल, नाक, हनुवटी, थेंब थेंब. थेंब बघूनच पंक्चरवाल्याला हसू फुटलं. तो म्हणाला, आबा, देवी आल्यात का तुमाला? आपानं त्याला हवा भरायला पाठवलं. मग ओला स्पंज, दाबत दाबत, कानाच्या मागं, हनुवटीखाली, मानेवर पार बंडीच्या काठापर्यंत. सून आधी घडीघडी आपाकडं बघत होती. नाकाशी आली तोवर बघायचं सोडलं. वर पावडर, ती माझ्याच ब्रशानं. माझ्याच करडाचे केस माझ्या गालावर फिरले आणि मला सांगायला हरकत नाही, वास येत नव्हता. ते आपाचं उगीच होतं.

भुवया विंचरल्या. मिशा विंचरल्या, त्या काही यादीत नव्हत्या, पण तिला राहवलं नाही. डोळ्यात काजळ घालताना तिनं सांगितलं, मामा, वर बघा. मी वर पत्र्याकडं बघितलं. पत्र्याला भोक होतं, ते मला पहिल्यांदा दिसलं. गालाला तांबूस काहीतरी, अगदी जरासं. मग ती थांबली आणि आपाकडं बघायला लागली. लिपस्टिकचं काय करायचं, हा प्रश्न होता. मी म्हणलं, नवरीला लावणार का नाही? मग मलाही लाव. तिनं ओठांच्याच रंगाची लावली. बाहेर जीप थांबली होती, त्यातली माणसं उतरून बघत होती.

आत्या सगळा वेळ उभी होती. तिला खुर्ची दिली तरी बसली नाही. शेवटी जवळ आली, बोट जिभेला लावून ओलं केलं, माझ्या गालावर घासलं आणि बोट दाराबाहेर उन्हात धरून पाहिलं. बोटाला रंग लागला नव्हता. मग मान पाहिली. कानामागं पाहिलं. बैल घेताना बघतात तसं. "काम चांगलं हाय," म्हणाली. "कपाळ काहून मोकळं ठेवलं?"

कपाळाची मधली जागा आपा कायम मोकळी ठेवायची. हा तिचा पहिल्यापासूनचा नियम होता. टिकली, कुंकू, जे काय असेल ते घरच्यांनी लावायचं. ती म्हणाली, "तेवढी जागा मपली न्हाई. ती घरच्यांची."

आत्या हसली. वाईट हसली असं नाही, पण समोरचा पकडीत सापडल्यासारखं हसली. "मंग लावा की आबा. तुमच्या घरची तर हीच हाय. रोज भंडारा लावता, आज हिच्या हातून लावून घेताल का?"

मी आजवर कोणाला उत्तर द्यायचं ठेवलं नाही. तहसीलदाराला दिलं, पोलिसाला दिलं. त्या वेळी मात्र खिशातल्या पिशवीवर हात गेला आणि तिथंच राहिला. पोरगा गेल्यापासून घरातल्या भंडाऱ्याला सुनेचा हात लागत नव्हता. मी तसं सांगितलेलं नव्हतं. तिचं तिनंच हात लावायचं सोडलं होतं आणि मी लाव म्हणलो नव्हतो. आमच्यात तसंच आहे, माझ्या आईच्या वेळीही तसंच होतं. तोंड रंगवून घेणं वेगळं, ते धुतलं की जातं. कपाळाचं वेगळं.

सून खाली बघून ब्रश पुसायला लागली. आत्यानं पदर सावरला. जाता जाता म्हणाली, "तुमचं कपाळ तुमी हिच्या हातात द्या आबा, मंग आमची नवरी आमी देतो. उद्या दुपारपस्तोर वाट बघते, न्हाईतर हिंगोलीच्या बाईला सांगनार हाय." आणि औंढ्यावरून जवळा बाजारला जाणाऱ्या गाडीत बसून गेली.

आपानं आरसा फिरवला. मी पाहिलं. म्हातारा मीच होतो, सुरकुत्याही होत्या, पण कोणीतरी लक्ष दिलेला म्हातारा वाटत होतो. पोरगा असताना मी असा दिसत होतो. कपाळ तेवढं मोकळं होतं.

मला वाटलं आपा आता काहीतरी टोमणा मारील. तिनं एवढंच सांगितलं, "मालक, तोंड दिवस मावळोस्तर टिकवायचं हाय. रोडवर बसा."

मी खुर्ची तिच्या खुर्चीशेजारी टाकली. ती डावीकडून अर्धी, मी पुरा. दिवसभर बसलो. ट्रक गेले, उसाच्या गाड्या गेल्या, धूळ बसली. ओळखीचे लोक थांबून विचारत होते, आबा, काय हे? मी म्हणत होतो, सुनेची परीक्षा हाय. दोघे-तिघे हसले. एकानं विचारलं, आमच्या पुतणीचं बी करील का? मी म्हणलं, अजून नक्की न्हाई.

आपा उन्हं कलल्यावर एकदाच म्हणाली की तिच्या नवऱ्याच्या मयतीनंतर ती पहिल्यांदा बांगड्यांची टोपली घेऊन निघाली, तेव्हा तिच्या सासऱ्यानं टोपली उचलून तिच्या डोक्यावर दिली होती. "बोलले काईच न्हाई. टोपली तेवढी दिली." मी विचारलं, मला काहून सांगतेस? ती म्हणाली, आठवलं म्हनून.

पुढं तिचे डोळे फारच अधू झाले आणि ती वसमतला बहिणीकडं राहायला गेली. मी एकदा भेटायला गेलो होतो. तिला माझी आकृतीसुद्धा नीट दिसत नव्हती, आवाजावरून ओळखलं. पण डावी बाजू तिनं हातानं चाचपून केलेली होती, काजळ जिथल्या तिथं. मी म्हणलं, आता कोणासाठी करतेस? "उजव्या बाजूला दाखवायला," म्हणाली. आता ती नाही.

त्या दिवशी मावळतीला सुनेनं माझं तोंड पाहिलं आणि हळूच म्हणाली, मामा, टिकलं. मग खोबरेल तेल दिलं, ते चोळून मी माझं मी पुसलं. काजळ सगळं निघालं नाही. निघताना आपानं स्वतःपुरत्या चार डब्या ठेवून पेटी सुनेच्या हातात दिली होती. भाकर वाढताना तिनं एवढं विचारलं की आपाची पेटी उद्या परत नेऊन देऊ का. मी म्हणलं, राहू दे घरी.

दुसऱ्या दिवशी सकाळी शेरडं सोडून आलो, अंघोळ केली आणि रोजच्यासारखा देवापुढं न बसता ओट्यावर येऊन बसलो. सुनेला हाक मारली. ती भाकरीच्या पिठाचे हात घेऊन आली. म्हणलं, हात धू. धुतले. पुसू नको, टिप. टिपले. मग खिशातली पिशवी काढून तिच्यापुढं धरली. तिनं पिशवीकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं. मी डोळे मिटले, कारण उघडे ठेवले असते तर तिला लावता आलं नसतं. पिशवीची नाडी सुटल्याचं कळलं. मग कपाळाला बोट लागलं.

तिला मी पेटी घ्यायला लावली आणि आम्ही फाट्यावर आलो. आपा डावी बाजू करून दारात बसली होती. तिनं माझ्या कपाळाकडं डोळे बारीक करून बघितलं.

"वाकडं लागलंय," म्हणाली. "ऱ्हाऊ द्या. तसंच न्या."

जवळा बाजारची गाडी आली. मी हात केला, आणि आम्ही दोघं चढलो.